एकी की बेकी?

गेल्या श्रावणातील एका संध्याकाळी पावसाची झड लागली होती. घरातील मुले माजघरात चिंचोके घेऊन एकी-बेकी खेळत बसली होती. एकाने मुठीत चिंचोके धरावे, दुसऱ्याने ते एकी की बेकी हे सांगावे, आणि मग जोड्या लावून निकाल पाहावा, हा खेळ वाचकांस नवा नाही. तेवढ्यात आमची आठ वर्षांची नात उठून आली व म्हणाली, "आजोबा, माझ्या मुठीत एकी, दादाच्या मुठीतही एकी, पण दोन्ही मुठी एकत्र केल्या की दर वेळी बेकीच का होते?"

प्रश्न लहान, पण मर्माचा. आम्ही तिच्यापुढे सात चिंचोके मांडले. तीन जोड्या झाल्या, एक एकटा राहिला. शेजारी पाच मांडले. दोन जोड्या झाल्या, तेथेही एक एकटाच राहिला. विषम संख्या म्हणजे दुसरे काय? काही जोड्या आणि एक एकटा. अशा दोन संख्या एकत्र आल्या की ते दोघे एकटे परस्परांचे सोबती होतात. म्हणून बेरीज सम. मुलीने टाळ्या पिटल्या आणि विचारले, "हे तुम्हांला कोणी शिकवलं?"

आम्ही क्षणभर निरुत्तर झालो. कारण याचे खरे उत्तर सुमारे तीस वर्षे आम्ही कोणासही सांगितले नव्हते.

तेव्हा आम्ही पाचवीच्या वर्गास गणित शिकवीत होतो. एके दिवशी फळ्यावर उदाहरण घातले : २५ आंबे चार टोपल्यांत असे ठेवा की प्रत्येक टोपलीत विषम संख्या यावी. मनात २४ होते. हातून २५ लिहिले गेले. मुले खटपट करू लागली. एक मुलगा मात्र दोन-तीन ओळी लिहून स्वस्थ बसला. विचारता म्हणाला, "गुरुजी, हे होतच नाही." आम्हांस तो उद्धटपणा वाटला. आळसाला सबब शोधतोस, असे म्हणून आम्ही त्यास तास संपेपर्यंत बाकावर उभे केले. वर्ग हसला.

रात्री वह्या तपासण्यापूर्वी आपण उत्तर काढून ठेवावे म्हणून बसलो. ७, ७, ७ ठेवले, उरले ४. ९, ५, ५ ठेवले, उरले ६. ११, ३, १ ठेवले, उरले १०. शेवटची टोपली हटकून समच येई. अखेर त्या मुलाची वही उघडली. त्याने लिहिले होते की, प्रत्येक टोपलीत एक आंबा एकटा राहतो. चार एकट्यांच्या दोन जोड्या होतात. म्हणजे एकूण सगळ्या जोड्याच व्हायला हव्यात, पण २५ मध्ये एक उरतोच. म्हणून हे जमणार नाही.

दुसऱ्या दिवशी आम्ही काय केले? काही न बोलता फळ्यावरचा आकडा पुसून २४ केला, आणि त्या मुलाची वही 'बरोबर' अशी खूण करून परत दिली. शिक्षा चारचौघांत, न्याय मात्र वहीच्या पानात! मुलाने ती खूण पाहिली, एकवार आमच्याकडे पाहिले आणि मान खाली घातली. वर्षअखेरीस वडिलांची बदली झाली व तो गाव सोडून गेला.

पुढे वाचनात आले की, हाच नियम युक्लिडाने इ. स. पूर्वी सुमारे ३०० च्या काळात आपल्या 'मूलतत्त्वे' ग्रंथाच्या नवव्या भागात सिद्ध केला आहे : विषम संख्या मोजून सम असतील तर त्यांची बेरीज सम, मोजून विषम असतील तर विषम. आपल्याकडे रुद्रानंतर चमक म्हणतात, त्याच्या अकराव्या अनुवाकात १, ३, ५ असे ३३ पर्यंतचे विषम अंक येतात. ते मोजून १७, आणि त्यांची बेरीज २८९, विषमच. लहानपणापासून आम्ही ते म्हणत आलो होतो. परंतु मोजून पाहण्याची बुद्धी झाली ती त्या मुलाची वही वाचल्यानंतर. व्याकरणातील वाद पाणिनीचे नाव घेऊन मिटविता येतो. गणितात गुरुजींचे नाव घेऊन २५ आंबे चार टोपल्यांत तसे बसत नाहीत.

असो. नातीला आम्ही सांगितले, "एका विद्यार्थ्याने शिकविले," आणि मुले व सुना यांच्यादेखत सारी हकीकत कथन केली. ती ऐकून नात म्हणाली, "मग तुम्ही त्याची माफी मागितलीत का?"

ती मागावयाची राहिली, म्हणून हा लेख. तो मुलगा आज चाळिशीचा गृहस्थ असेल. हा अंक कदाचित त्याच्या घरी जाईल, कदाचित जाणार नाही. गेलाच तर त्याने आपल्या मुलाबाळांस हे मोठ्याने वाचून दाखवावे : उदाहरण चुकले होते, गुरुजी चुकले होते, आणि बाकावर उभा होता तो बरोबर होता.