डाव्या हाताची रेषा
तंजावर आणि कुंभकोणम यांच्या दरम्यान वसलेल्या पापनाशमात आमचे मराठी बिऱ्हाड. तमिळ अक्षरे लागण्यापूर्वीच ‘आनंद विकटन’मधील गोपुलूंची निःशब्द हास्यचित्रे मला हसवीत. १९२४ साली तंजावरात जन्मलेले हे चित्रकार कुंभकोणमच्या कलाशाळेत शिकले. ‘तिल्लाना मोहनांबाळ’ या कादंबरीतील नर्तकी मोहना वाचकांनी प्रथम त्यांच्याच रेषांत पाहिली. उतारवयात पक्षाघाताने उजवा हात निकामी झाला, तेव्हा त्यांनी डाव्या हातास रेखाटन शिकविले. २०१५ साली ते निवर्तले.

आमच्या आप्पांचा उजवा हात असाच लुळा पडला, तेव्हा मी ही हकीकत त्यांना सांगितली. ते काही बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी मात्र त्यांनी पाटी मागितली आणि डाव्या हाताने श्रीकार काढला.