नोटीस नाकारल्यावर

चि. भाऊस,

बँकेची रजिस्टर नोटीस नाकारली म्हणून कायद्याची मुदत थांबत नाही. योग्य पत्त्यावर आलेले आणि ‘घेण्यास नकार’ असा शेरा पडून परत गेलेले पाकीट मिळाले, असेच न्यायालये सहसा धरून चालतात. पोस्टमनला दारातूनच परत पाठवल्याचे वहिनीकडून कळले तेव्हापासून जिवाला घोर लागला आहे. तू हे करावेस?

हप्ता किंवा व्याज 90 दिवसांहून अधिक थकले की खाते एनपीएत जाते. मग 2002 च्या सरफेसी कायद्याच्या कलम 13(2) खाली नोटीस निघते आणि सगळे येणे फेडायला 60 दिवस मिळतात. याच काळात कर्जदाराला लेखी हरकत घेता येते आणि बँकेने 15 दिवसांत कारणांसह उत्तर द्यायचे असते. व्याजाची आकारणी चुकली असेल, भरलेले हप्ते जमा दिसत नसतील, तडजोड हवी असेल, तर ते मांडायची खरी जागा हीच. हे एक पत्र लिहायचा लोकांना कंटाळा येतो आणि पुढे वकिलांच्या पायऱ्या झिजवायला मात्र वर्षे मिळतात! सहकारी बँकेला हा कायदा लागू नाही, या भरवशावर राहू नये. मुरगूडच्या सहकारी बँकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 5 मे 2020 रोजी तो लागू असल्याचे स्पष्ट केले आहे. शेतजमिनीचे तारण तेवढे त्याबाहेर राहते. कायद्याच्या व्याख्येत जामीनदारही कर्जदारच असतो. वहिनीची सही कोणत्या कागदावर आहे, हे तिला तरी सांगितले आहेस का?

60 दिवस उलटले की बँक ताबा घेऊ शकते. त्याविरुद्ध कर्जवसुली न्यायाधिकरणात, म्हणजे डीआरटीत, 45 दिवसांच्या आत अर्ज करावा लागतो. हा मार्ग सोडून थेट उच्च न्यायालयात धाव घेणाऱ्यांना तिथे सहसा थारा मिळू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने 2010 साली सत्यवती टंडन प्रकरणात बजावले. डीआरटीत हरल्यावर अपील करायचे तर कर्जदाराला थकबाकीच्या निम्मी रक्कम आधी भरावी लागते. अपील न्यायाधिकरणाने सवलत दिली तरी 25 टक्क्यांखाली नाही. “स्टे आणू” म्हणणारा वकील हा आकडा पहिल्या भेटीत सांगत नाही. खरे तर कर्जाच्या कागदावर सही घेतानाच या मुदती मराठीत, ठळक अक्षरांत कर्जदाराच्या हाती पडायला हव्यात. शाळेत चक्रवाढ व्याज शिकवतात, नोटीस कशी वाचावी हे कोणी शिकवत नाही, आणि माणसे घर गमावतात ती बहुधा याच अज्ञानापायी.

सगळ्यात महागात पडते ती गहाण सोडवण्याची मुदत. विक्रीखत नोंदले जाईपर्यंत गहाण सोडवण्याचा हक्क जिवंत राहतो, असे 1976 च्या नारनदास करसनदास प्रकरणात ठरले होते, आणि जुनी माणसे आजही तेच सांगतात. सरफेसीखालच्या लिलावात मात्र 2016 च्या दुरुस्तीने कलम 13(8) बदलले. नवी मुंबईच्या औद्योगिक क्षेत्रातला एक भूखंड 30 जून 2023 च्या लिलावात 105.05 कोटींना गेला. तो नववा लिलाव होता. त्यानंतर कर्जदार बाफना मोटर्स 129 कोटी भरायला तयार झाली आणि मुंबई उच्च न्यायालयाने मुभाही दिली. 21 सप्टेंबर 2023 रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. लिलावाची नोटीस प्रसिद्ध झाली की हक्क संपला, मग जास्त पैसे आणले तरी उपयोग नाही, असा त्या निकालाचा अर्थ. पैसे होते, फक्त दिवस गेला होता. हे वाचल्यापासून तुझ्या त्या पाकिटाचीच धास्ती वाटते.

दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यावरील लिलावात थोडी सवड आहे. तिथे विक्रीनंतर 60 दिवसांत जाहीरनाम्यातली रक्कम आणि खरेदीदारासाठी किमतीच्या 5 टक्के भरले तर विक्री रद्द करून मागता येते. ती सवलत तिथल्यापुरतीच. कोपऱ्यावरच्या टायपिस्टने काहीही सांगितले तरी बँकेच्या लिलावात ती धरून बसू नये.

बोली लावणाराही मुदतीत बांधलेला असतो. बोलीच्या 25 टक्के त्याच दिवशी किंवा फार तर पुढच्या कामकाजाच्या दिवशी भरायचे आणि बाकीचे विक्री कायम झाल्यापासून 15 दिवसांत. लेखी वाढवून घेतली तरी ही मुदत तीन महिन्यांपलीकडे जात नाही. चुकला तर भरलेली रक्कम जप्त होते आणि मालमत्ता पुन्हा विक्रीला निघते. त्यामुळे स्वस्तात मिळते म्हणून आपल्या धाकट्याने लिलावात उतरायचा जो बेत केला आहे, तोही कर्जमंजुरी हातात आल्याशिवाय करू नये.

झाल्या लिलावावर बोट ठेवायचे तर विक्रीच्या नोटिशीचे 30 दिवस मिळाले का, मूल्यांकन रीतसर झाले का, हे तपासतात. त्यासाठी कागद हातात हवेत. उद्याच शाखेत जाऊन प्राधिकृत अधिकाऱ्याकडे लेखी अर्जाने नोटिशीची प्रत मागावी आणि अर्जावर तारखेसह पोच घ्यावी.

तुझी,
ताई