वरच्या पाण्याचं देणं

श्रीरामपूर तालुक्यातल्या पाटाखालच्या गावांत वर्ष पंचांगावरून कमी आणि पाटाच्या पाण्याच्या आवर्तनावरून जास्त मोजलं जाई. 'रब्बीचं दुसरं आवर्तन सुटू द्या, मग बघू,' असं वडील म्हणाले, की त्यात बहिणीच्या लग्नाची बोलणी, घरावरचे पत्रे आणि माझी कॉलेजची फी असं सगळंच आलं. पाणीमागणीचा सात नंबरचा अर्ज भरायचा, पाटकऱ्याच्या मागेपुढे करायचं आणि पाळी बहुतेक रात्रीचीच येणार हे धरून बॅटरीला नवे सेल आणून ठेवायचे. थंडीत उसात दारं धरताना पाय बधिर होत. पण पाणी येत होतं. ते कुठून येतं, असं कुणी विचारलं, तर उत्तर एकच असे: 'वरून.'

वरून म्हणजे भंडारदऱ्याहून. १९१० साली सुरू झालेलं हे धरण पुरं व्हायला १९२६ उजाडलं. त्या डिसेंबरात गव्हर्नर लेस्ली विल्सन यांनी त्याचं उद्घाटन केलं आणि त्यांचंच नाव त्याला मिळालं. पोटात अकरा टीएमसीच्या थोडं वर पाणी. ते प्रवरेतून खाली यायचं, संगमनेरच्या पुढे ओझरच्या बंधाऱ्याशी अडायचं आणि तिथून डाव्या-उजव्या कालव्यांनी आमच्याकडे वळायचं. हरेगावचा बेलापूर कंपनीचा कारखाना, पुढे विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी लोणीला उभा केलेला सहकारी कारखाना, आमच्या शाळांच्या इमारती, दूध संघ, सोसायट्या, निवडणुका, सगळं या पाण्यावर वाढलं. मीही वाढलो. उसाचं बिल आलं की माझी फी भरली जायची, इतका तो सरळ हिशेब होता.

एवढं असून पन्नाशी उलटेपर्यंत मी धरणाच्या वरच्या अंगाची रतनवाडी पाहिली नव्हती. आमच्याकडचे लोक शिर्डीला चालत जातात, प्रवरेच्याच काठी ज्ञानेश्वरी सांगितली गेली म्हणून नेवाशाला जातात. अकोले तालुक्याच्या डोंगरात जायचं ते पावसाळ्यात, गाडीतून, धबधब्याखाली फोटो काढायला. संगमनेरचा एक मित्र डोंगर हिंडणारा. त्याने शिवरात्रीनंतरच्या आठवड्यात बेत आखला: रतनवाडीतून रतनगड चढायचा, त्र्यंबक दरवाजाने उतरून साम्रदला मुक्काम करायचा आणि दुसऱ्या दिवशी सांधण दरीच्या तोंडापर्यंत जाऊन परत. मुक्काम वाटाड्याच्याच घरी.

या वाटाड्याला मी पहिल्या तासापासून मामा म्हणत आलो. माझ्याच वयाचे, महादेव कोळी समाजाचे. त्यांचं नाव इथे घालणार होतो; पण 'नाव कशाला, लोकं फोन करकरून जीव खात्यात,' असं ते म्हणाले, म्हणून राहिलं.

रतनवाडीचं अमृतेश्वराचं देऊळ शिलाहारांच्या काळातलं मानतात. यात्रा नुकतीच होऊन गेलेली, अंगणात पत्रावळ्या आणि गुलाल अजून होता. मित्र शिखरावरची नक्षी दाखवत होता आणि माझं लक्ष देवळामागून येणाऱ्या ओढ्याकडे. 'ही प्रवरा,' मामा म्हणाले. मी दोनदा विचारलं. गुडघ्याएवढंही पाणी नव्हतं, दगडावरून दगडावर पाय टाकत पलीकडे जाता येत होतं. ज्या नदीच्या नावाने आमच्याकडे बँका, कॉलेजं आणि कारखाने आहेत, तिच्यात एक म्हैस बसली की प्रवाह वळसा घेत होता. गडाच्या जंगलात शिरेपर्यंत ही नदी आम्ही पुन्हा पुन्हा ओलांडली आणि दर वेळी मला ओशाळं वाटत गेलं. का, ते तेव्हा नीट सांगता आलं नसतं.

वाटाड्या कशाला हवा, वाट तर मळलेली आहे, असं पुष्कळांना वाटतं. त्या जंगलात मळलेल्या वाटा चिक्कार आहेत, आणि त्यातल्या निम्म्या गुरांच्या. ढोरवाट छान रुंद असते, मनात भरते आणि शेवटी एखाद्या डोहापाशी किंवा कड्यापाशी नेऊन सोडते. गुरं परत फिरतात. माणूस हट्टाने पुढे जातो. मामा वाटेवरची पानं बघत नव्हते, पायाखालचा दगड बघत होते. माणसाच्या चपलेने दगड एका बाजूने गुळगुळीत होतो, ढोरांच्या खुराने तसा होत नाही, हे त्यांनी मला बोटाने चाचपून दाखवलं. हिरडा, जांभूळ, करवंदीच्या जाळ्या, सात वर्षांनी एकदाच फुलणारी कारवी. कारवीचे वाळके सोट घराच्या कुडाला लागतात, पण १९८६ साली हा भाग कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात गेल्यापासून काय तोडायचं आणि काय नाही याचा विचार करावा लागतो. हे सांगताना त्यांच्या आवाजात तक्रार नव्हती. एवढंच म्हणाले, 'आमी व्हतो म्हनून तर जंगल राह्यलं.'

गडाच्या माथ्याखाली लोखंडी शिड्या आहेत. तिथे माझं अंग थरथरायला लागलं. मामा खाली उतरून माझ्या मागे आले, माझी टाच हातात धरून एकेका पायरीवर ठेवू लागले. 'वर बघू नका, खाली बघू नका. पायरी मोजा.' वयाने मोठा झाल्यावर दुसऱ्याने आपली टाच धरल्याचं आठवत नाही. वर पोचल्यावर ते बिडी पेटवून बाजूला बसले, मला आभार मानायची सोयच ठेवली नाही.

रतनगडाचं नेढं म्हणजे कड्याला आरपार पडलेलं भोक. त्यात बसलं की वारा कपडे फाडायला येतो. समोर अलंग, मदन, कुलंग, पलीकडे १६४६ मीटरचं कळसूबाई, आणि खाली तो जलाशय. मी आयुष्यभर ज्याच्या टक्केवारीची बातमी पेपरात वाचत आलो, तो पहिल्यांदा सबंध दिसला. मामांनी हात लांब करून पाण्यातली एक जागा दाखवली. आज्याच्या बापाची खाचरं तिथे होती, असं त्यांच्या घरात सांगत आले आहेत. चांगली, ओढ्याकाठची, भाताची खाचरं. पाणी चढलं तशी माणसं वर सरकली, आणि वर जी मिळाली ती उताराची जमीन; तिच्यात वरई आणि नागली. पैसे काय मिळाले, किती मिळाले, ते त्यांना ठाऊक नव्हतं. शंभर वर्षं होत आली. याच मुलखात, देवगावात, इंग्रजांविरुद्ध उठलेल्या राघोजी भांगरेंचा जन्म. १८४८ साली ठाण्याच्या तुरुंगात त्यांना फाशी झाली. सावकार आणि सरकार यांच्याशी इथल्या माणसांचं वाकडं तेव्हापासूनचं. पण धरणावर मामा रागाने बोलले नाहीत. मी कुठला, ते त्यांनी विचारलं.

'श्रीरामपूर? म्हंजे बेलापूर टेशन. आलोय ना मी तिकडं. कांदं काढाया. तुमच्या त्या पाटाच्या कडंलाच झोपायचो आमी. रातीचं पानी वाजायचं. म्हनलं, हे तर आपलंच पानी, वळखीचं.'

'मग दिली का ओळख?' मी विचारलं.

'कुठली देतंय. मोठ्या घरी दिल्याली पोरगी, ती कशाला वळख देती?' ते मोठ्याने हसले. मीही हसलो, पण ते वाक्य त्र्यंबक दरवाजा उतरेपर्यंत कानात होतं.

उतार मोठा होता. खडकात खोदलेल्या पायऱ्या, मग कड्याच्या कडेने आडवी वाट, मग रान. माझा गुडघा बोलायला लागला तसं मामांनी न विचारता माझी पिशवी आपल्या पाठीवरच्या पिशवीवर चढवली आणि एक काठी हातात दिली. साम्रद दिसलं तेव्हा दिवस मावळून गेला होता.

घर कौलारू, पुढे ओटी, शेणाने सारवलेलं. पाहुण्यांसाठी एक खोली नवी बांधलेली, बाहेर संडास-बाथरूम. मी ओटीवर बसलो आणि मावशींनी, म्हणजे मामांच्या मंडळींनी, आतून आवाज दिला, 'पानी तापलंय, आंगुळ करून घ्या, मंग पाय दुखायचं न्हाईत.' बाथरूममध्ये जाऊन पाहतो तर स्टीलची मोठी बादली काठोकाठ भरलेली, वाफा निघणारी.

येताना गावाखालच्या विहिरीवर मी बायका पाहिल्या होत्या. डोक्यावर दोन हंडे, काखेत कळशी आणि उभी चढण. घाटघर, रतनवाडी, साम्रद हा नगर जिल्ह्यातला सर्वांत जास्त पावसाचा पट्टा. घाटघरचा पाऊस चांगल्या वर्षी पाच हजार मिलिमीटरच्या आसपास जातो. आमच्या श्रीरामपुरात पाचशे झाला तर आम्ही बरं म्हणतो. दहापट पाऊस, आणि होळीच्या आधीच डोक्यावर हंडा! खाली अभेद्य काळा पाषाण, वर वीतभर माती, तीव्र उतार. पडलेलं पाणी चार दिवसही थांबत नाही, थेट धरणात आणि तिथून आमच्याकडे. ती बादली भरायला मावशींना किंवा त्यांच्या मुलीला त्या चढणीवर निदान एक खेप तरी जास्त पडली असणार. आमच्याकडे आम्ही याच पाण्याने रात्री सऱ्या भरून बांधावरून वाहू देत होतो, सकाळी शेजाऱ्याने बोंब मारेपर्यंत.

मी अर्ध्या बादलीत अंघोळ उरकली. बाहेर आलो तर मावशींनी डोकावून पाहिलं. 'पानी का ठुलं? गार झालं काय?' नाही म्हटलं तर त्या रागावल्याच. उरलेलं पाणी त्यांनी गुरांच्या पाटीत ओतलं, थोडं दाराच्या कडेला पुदिन्याला घातलं. त्या घरात पाण्याला वाया जायला वाव नव्हता, तेव्हा माझा संयम तसा फुकटच गेला म्हणायचा.

जेवायला नागलीची भाकरी, हुलग्याची शेंगोळी, खुरासणीची चटणी आणि शेवटी भात. घरचा काळभात. मामांनी वाढताना सांगितलं, की हे बी विकत मिळत नाही, घराघरात राखावं लागतं. याच तालुक्यातल्या कोंभाळण्याच्या राहीबाई पोपेरेंना असं बी राखल्याबद्दल पद्मश्री मिळाली, तेव्हा इथल्या सगळ्या बायांना आपापल्या मडक्यांकडे नव्याने पाहावंसं वाटलं असणार. मावशींच्या मडक्यांत राखेत घोळलेले वाल होते आणि भोपळ्याच्या बिया.

रात्री ओटीवर बोलणं निघालं ते धंद्याचं. पाहुणे घरात उतरवायचं हे काम याच तालुक्यातल्या पुरुषवाडीने बऱ्याच आधी नीट बसवलं. साम्रदला सांधण दरीमुळे माणसं येऊ लागली. दिवाळीपासून शिमग्यापर्यंत बरं चालतं. मग मे-जूनमध्ये काजवे. काजव्यांचं नाव काढल्यावर मामांनी कपाळाला हात लावला. गाड्यांचे दिवे, मोबाईलचे दिवे, झाडाखाली गाणी. अंधारात चमकणारा किडा बघायला येताना माणूस उजेड घेऊन का येतो, हे त्यांना कळत नाही. मलाही कळलेलं नाही. तरी त्या पंधरवड्याच्या पैशाने मुलाची डिप्लोमाची फी निघते, हेही त्यांनीच सांगितलं. आता ते मजुरीला खाली जात नाहीत.

म्हणजे त्यांच्या मुलाची फी माझ्यासारख्यांच्या मुक्कामावर आणि माझी फी त्यांच्या डोंगरावरच्या पावसावर. मला हा हिशेब थोडा वेळ बरा वाटला. पण माणशी ठरलेला दर, त्यात जेवण, चहा, झोपणं. आणि पलीकडे पणज्याची खाचरं. असा ताळेबंद जुळवायला माणूस फारच कोडगा हवा.

निघताना ठरलेले पैसे दिले, वर काही नोटा ठेवल्या. मावशींनी त्या मोजून परत केल्या आणि पावशेर खुरासणी कागदात बांधून दिली. मामांनी माझा नंबर घेतला.

तेव्हापासून त्यांचा फोन येतो. घरात रेंज नाही म्हणून गावाबाहेरच्या एका दगडावर उभं राहून करतात. वाऱ्याचा आवाज आधी येतो, मामांचा नंतर. पावसाळ्यात धरण भरलं, की पेपरच्या एक दिवस आधी मला कळतं. 'सांडव्यावरून सुटलं बरं का. पाठवलंय तुमच्याकडं.' जणू त्यांनीच झाकण उघडलंय. मी आमच्याकडचे कांद्याचे भाव सांगतो, ते ऐकून चुकचुकतात. मुलाच्या प्रवेशाच्या वेळी संगमनेरच्या मित्राने आणि मी थोडी धावपळ केली. ती त्यांनी कामाची म्हणून घेतली. उपकार वगैरे शब्द आमच्यात नाहीत.

गेल्या वैशाखात मुलीचं लग्न निघालं. फोनवर मामा जरा आडून बोलत होते. शेवटी म्हणाले, 'तुमी त्या कारखान्याचं सभासद हायेत ना? सभासदाला साखर स्वस्तात भेटती म्हनं.' भेटते. शेअर वडिलांच्या नावावर होता, ते गेल्यावर माझ्या नावावर झाला. दिवाळीची साखर मी उचललीच नव्हती. ऑफिसात जाऊन कार्ड दाखवलं, पन्नास किलोचं पोतं गाडीत टाकलं आणि बायकोला घेऊन साम्रदला गेलो. वाटेत धरणाजवळच्या शेंडी गावात चहा घेतला तेव्हा धरण बरंच खाली गेलेलं दिसत होतं, तळाची माती उघडी पडली होती.

मांडवात माणसांची गर्दी, चुलाणावर चहाचं पातेलं. दोघा पोरांनी पोतं उतरवून मावशींच्या पुढ्यात ठेवलं. त्यांनी विळ्याने शिवण उसवली, मूठभर साखर तळहातावर घेऊन पाहिली, मग मांडवभर नजर फिरवली.

'एवढ्यानं काय व्हतंय? सारा गाव जेवाया हाये. दुसरं पोतं गाडीत हाये ना?'