भिंतीवरची पिशवी



पावसाळ्यात सुरतेच्या भिंतींना ओल धरली की भोपळ्याच्या बीसारखी चपटी, राखाडी पिशवी भिंतीवर हळूहळू सरकताना दिसते. यंदा बालवर्गाच्या खोलीत अशा पुष्कळ निघाल्या आणि औषध फवारा, असा काही पालकांनी आग्रह धरला. लहान मुले जमिनीवर बसतात, भिंतीला हात लावून तोच तोंडात घालतात. म्हणून मी नकार दिला. त्याचे कारण सांगणे माझे कर्तव्य आहे.

ही पिशवी एका छोट्या पतंगाच्या अळीचे घर आहे. अळी स्वतःच्या रेशमात रेती, चुन्याची धूळ, केस, सुताचे तंतू चिकटवून ते बांधते व ओढत नेते. दोन्ही टोके उघडी असतात आणि अळी आत वळू शकते, त्यामुळे डोके कधी इकडून, कधी तिकडून निघते! सुमारे 50 दिवसांनी ती आतच कोश होते. ती चावत नाही. जुनी कोळिष्टके हे तिचे मुख्य खाणे, शिवाय गळलेले केस व लोकर. जाळी झाडली की तिचे जेवण बंद. आम्ही झाडूनेच काम भागवले.

सातवीतल्या एकाने विचारले, "सर, गावी बाभळीवर काड्यांच्या जुड्या लटकतात, त्या याच का?" प्रश्न उत्तम आहे. दोन्ही पतंगच, गण एकच. पण भिंतीवरचीचे कुल टिनिइडी, म्हणजे लोकरीला लागणाऱ्या कसरीचे, प्रजाती फेरिओइका. बाभळीवरचीचे कुल सायकिडी. (मी हिंदी माध्यमात शिकलो. तिकडे 'प्रजाति' म्हणतात ती मराठी पुस्तकातली 'जाती'. घरी हिंदी पुस्तक वापरणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावे.)

खरा फरक पुढे आहे. भिंतीवरच्या जातीत नर-मादी दोघांना पंख फुटतात. बाभळीवर फक्त नराला. मादी बिनपंखांची, ती पिशवीतच राहते, तिथेच अंडी घालते आणि मरते. "मग ती बाहेर जातच नाही?" एका मुलीने विचारले. ती नाही जात, पण तिची पिल्ले जातात. रेशमाच्या धाग्याला लोंबकळत, वाऱ्याबरोबर दुसऱ्या झाडावर पोचून ती आपापली पिशवी बांधू लागतात.

दिवाळीत धुळे-नंदुरबारकडे जाणाऱ्यांना बाभळीखाली रिकामी पिशवी मिळाल्यास कागदात गुंडाळून आणावी. काटे सांभाळून.

- मुख्याध्यापक