भंगार म्हणालो होतो

वीसेक वर्षांपूर्वी एका छोट्या साहित्य मेळाव्यात मी भाषण ठोकलं होतं. ओघात म्हणालो, "वाफेची इंजिनं जपायची कशाला? किलोवर विकून टाका आणि त्या पैशात पाड्यांवर पाणी आणा." टाळ्या पडल्या. त्या टाळ्या मला बरेच दिवस पुरल्या. आज त्या वाक्याचा उत्तरार्ध मी तसाच ठेवीन. पूर्वार्ध मागं घेतो.

मी हरसूलचा. इथं रेल्वे नाही, कधी नव्हती. पण रेल्वेनं आमच्याकडचं काय नेलं ते घरातच ऐकलेलं. आजोबा सांगायचे, सागाचे ओंडके बैलगाड्यांनी घाटापर्यंत जायचे. रेल्वेला रुळांखाली घालायला लाकूड हवं होतं. 1864 साली इंग्रजांनी वनखातं काढलं, 1865 आणि 1878 साली जंगलाचे कायदे केले, त्यामागं हीच मोठी भूक होती. ज्या रानात आम्ही काट्याकुटक्या गोळा करायचो त्या रानात आम्हीच चोर ठरलो. आता त्याच रेल्वेचं जुनं इंजिन घासूनपुसून, रंग देऊन मिरवायचं? 1997 साली 'फेअरी क्वीन' पुन्हा धावू लागली तेव्हा पेपरातला फोटो बघून मी चिडलो होतो. 1855 साली लीड्सला घडलेलं इंजिन, आणि मागच्या डब्यात हौशी पर्यटक. मला त्यात साहेबाची आरतीच दिसली.

माझ्या त्या रागाचं दुसरं कारण घरचं होतं. माझा मामा इगतपुरीच्या लोको शेडमध्ये फायरमन होता. आठवतं तेव्हापासून त्याच्या डाव्या दंडावर भाजल्याचा पांढुरका डाग आहे. ड्यूटीवरून आला की भट्टीकडं बघून लाल झालेल्या डोळ्यांत मामी गुलाबपाणी घालायची.

मे महिन्यात आई आम्हाला घेऊन त्याच्याकडं जायची. हरसूलहून एसटीनं त्र्यंबक, मग घोटी, मग इगतपुरी. कसाऱ्याचा घाट 1865 सालचा, चढण सदतीसास एक. घाटात 1930 सालीच वीज आली होती, त्यामुळं मुंबईची गाडी विजेच्या इंजिनानं वर चढायची, मागून बँकर इंजिनं ढकलायची. इगतपुरीला ते इंजिन सुटायचं आणि मनमाड-भुसावळकडं न्यायला वाफेचं लागायचं. त्या अदलाबदलीच्या वेळी मी आणि मामेभाऊ कुंपणाला चिकटून उभे. बंदुकीच्या गोळीसारख्या नाकाचं डब्ल्यूपी इंजिन मागं-मागं येऊन गाडीला टेकायचं, खाडकन आवाज व्हायचा आणि डब्यातली झोपलेली माणसं दचकून बाहेर बघायची. त्यात मामा कुठं आहे हे ओळखायची आमची पैज. ओळखू यायचं नाही, सगळेच काळे. 1960च्या दशकाच्या शेवटी तिकडची लाइनही विजेची झाली आणि मामाची मनमाडला बदली झाली. एकदाच म्हणाला, "सुटलो." ते सुटणं मी फार मनावर घेतलं. ज्या यंत्रातून सुटल्याचा माणसाला आनंद होतो ते यंत्र जपायचं कशाला, असा माझा हिशेब.

हिशेब चुकला तो हरियाणातल्या रेवाडीला. मुलगी गुडगावला असते. 2014च्या हिवाळ्यात तिनं जवळजवळ ओढतच नेलं. तिथलं वाफेच्या इंजिनांचं शेड 1893 सालचं, 2002 साली संग्रहालय म्हणून पुन्हा उघडलेलं. त्या दिवशी 'अकबर' पेटवलं होतं, डब्ल्यूपी 7161. कळलं की हे चित्तरंजनच्या कारखान्यात 1965 साली बनलंय. म्हणजे साहेब जाऊन अठरा वर्षं झाल्यावर आपल्याच माणसांनी घडवलेलं! 1950 ते 1972 या काळात चित्तरंजननं 2351 वाफेची इंजिनं बांधली, हेही तिथंच कळलं. माझ्या रागातला साहेब तिथल्या तिथं निम्मा झाला.

मग वर चढू दिलं. भट्टीच्या तोंडाची कड फावड्यानं घासून घासून गुळगुळीत झालेली. मी फावडं हातात घेतलं, रिकामंच, आणि कोळशाच्या टेंडरकडून भट्टीकडं वळून पाहिलं. उभ्या इंजिनात तोल जात होता. तिथला एक फिटर, साठीपुढचा, सांगत होता: कोळसा ढिगानं टाकायचा नाही, पातळ पसरायचा, थोडा-थोडा आणि सारखा. बॉयलरची पातळी दाखवणाऱ्या काचेतलं पाणी खाली गेलं तर भट्टीच्या छतातला शिशाचा प्लग वितळतो आणि वाफ भट्टीत घुसते, तो शेवटचा इशारा. थंड इंजिन पेटवायला कित्येक तास जातात. घाई केली तर बॉयलर रुसतो.

मला लाज वाटली ती तेव्हा. मामाच्या नोकरीचं मी दुःख तेवढं पाहिलं होतं. त्याला काही येत होतं, हे कधी मनातच आलं नव्हतं. त्या कामाचा ना फोटो आहे, ना वही. जे काय उरलंय ते त्या झिजलेल्या कडेत आणि त्या फिटरच्या तोंडात. 1853 साली बोरीबंदरहून ठाण्याला गेलेली साहिब, सिंध, सुलतान ही तिन्ही इंजिनं गेली. त्यांच्यावर घाम गाळलेल्या खलाशांचंही मग काही राहिलं नाही. विदर्भातली छोटी गाडी शकुंतला ओढणारं 1921 सालचं मँचेस्टरचं इंजिन 1994 पर्यंत राबलं. सत्तर वर्षं ते कुणाच्या हातांनी चाललं, हे सांगणारे आता किती असतील!

कुरकूर अजून आहे. नुसतं रंगवून चौकात उभं केलेलं, आतून गंजणारं इंजिन मला अजूनही भंगारच वाटतं. आणि रुळांखालच्या सागाची गोष्ट कोणत्या पाटीवर लिहायची, तेही मला सुचलेलं नाही.

घरी आल्यावर मामाला मोबाइलवर रेवाडीचा व्हिडिओ दाखवला. ऐंशीला टेकलेला, कानानं कमी. वाटलं, डोळे भरून येतील. इंजिनाच्या पाठीवरून वाफेचा पांढरा फवारा सुसाट वर गेला तसा त्यानं मोबाइल माझ्या हातातून ओढून घेतला.

"सेफ्टी उडतीय," तो म्हणाला. "उभ्या गाडीला एवढी आग कशाला घातली? फायरमन नवखा दिसतोय. कोळसा वाया घालवतोय लेकाचा."