हक्कसोडपत्र

सर्वांचा विरोध असतो तेव्हा निर्णय अवघड होतो, असे आपण मानतो. माझा सर्वांत अवघड निर्णय मात्र असा होता, की त्याला कोणाचाच विरोध नव्हता.

वडील गेले आणि मागे चार एकर वडिलोपार्जित जमीन राहिली. त्यातली विहिरीखालची जेमतेम एक. कसणारा मी. तेरावे होताच भावकीने सुचविले, "बहिणीकडून हक्कसोडपत्र करून घे." बहिणीला फोन केला. ती लगेच म्हणाली, "दादा, सांगशील त्या दिवशी येते." मला हायसे वाटायला हवे होते, पण त्या रात्री झोप लागली नाही.

कायदा मला ठाऊक होता. २००५ च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क दिला आहे. तो हक्क तिने स्वेच्छेने सोडला, तर तेही कायदेशीरच. माझे मन अडले ते 'स्वेच्छेने' या शब्दापाशी. ती हक्क सोडत होती, की माहेर राखत होती?

माझी गरजही खोटी नव्हती. सोसायटीचे कर्ज होते, मुलाचे शिक्षण होते. अंथरुणात पडल्या पडल्या मी हिशेब मांडू लागलो : तिच्या लग्नाचे कर्ज मी फेडले, विहिरीचा गाळ मी काढला. मग आठवले, मी महाविद्यालयात जावे म्हणून ती सातवीनंतर घरी बसली होती. हा आकडा माझ्या हिशेबात कधी आलाच नव्हता.

ठरल्या दिवशी ती एसटीने आली. पिशवीत आधार कार्ड आणि दोन फोटो. दुय्यम निबंधक कार्यालयाच्या पायरीवर मी विचारले, "सही केली नाहीस, तरी दिवाळीला येशील ना?" ती माझ्याकडे पाहत राहिली आणि तिला रडू कोसळले. मला उत्तर मिळाले. आम्ही आत न जाता घरी परतलो.

आज सातबाऱ्यावर आईचे, तिचे आणि माझे अशी तिन्ही नावे आहेत. सुगी झाली की तिचा वाटा तिच्या हाती देतो. पाऊस दगा देतो त्या वर्षी देताना हात आखडतो, हे लपवीत नाही. भावकी मला अजून भोळा म्हणते.

मित्रहो, तुमच्याही घरी कधी असा कागद सहीसाठी पुढे येईल. तेव्हा समोरच्याचा होकार ऐकून लगेच निश्चिंत होऊ नका. नकार देण्याची मोकळीक त्याला होती का, एवढे एकदा विचारा.