ॲप्सली हाउस : एका ड्यूकचा वाडा

लंडन शहरांत हाइड पार्कच्या कोपऱ्यावर ॲप्सली हाउस नांवाचा वाडा आहे. १८१५ सालीं वाटर्लूच्या रणांगणावर नेपोलियनचा पराभव करणाऱ्या ड्यूक ऑफ वेलिंग्टनचें हें राहतें घर. १८१७ मध्यें त्यानें तें आपल्या वडील बंधूकडून विकत घेतलें. १८५२ मध्यें तो वारला. पुढें १९४७ सालीं त्याच्या वंशजानें वाडा राष्ट्रास दिला व १९५२ पासून तो सर्वांस पाहावयास खुला झाला.

आम्ही आंत शिरलों तों जिन्याच्या पायथ्याशीं नेपोलियनचाच प्रचंड संगमरवरी पुतळा उभा! पण आमचें पाऊल थबकलें तें सोन्याचा मुलामा दिलेल्या चांदीच्या भोजनपात्रांपाशीं. दख्खनच्या स्वारींतील सहकारी अधिकाऱ्यांनीं तीं त्यास नजर केलीं होतीं. आपल्या मुलखाची अशी आठवण परक्याच्या घरीं पाहून मनास कसेंसेंच झालें.

तेव्हां तो ड्यूक नव्हता. मॉर्निंग्टनच्या अर्लचा पुत्र आर्थर वेलस्ली होता. २३ सप्टेंबर १८०३ रोजीं, हल्लींच्या जालना जिल्ह्यांतील असई गांवाजवळ, शिंदे व नागपूरकर भोसले यांच्या सेनेशीं त्याची गांठ पडली. मध्यें खेळणा नदी. जवळ उतार नाहीं, असें वाटाड्ये सांगूं लागले. परंतु दोन्ही तीरांवर समोरासमोर दोन खेडीं त्याच्या दृष्टीस पडलीं. त्यांचें एकमेकांकडे जाणेंयेणें असलेंच पाहिजे, तेव्हां उतारही असणारच, असा त्यानें तर्क केला. तो खरा ठरला. मराठ्यांच्या गोलंदाजांनीं मरेपर्यंत तोफा सोडल्या नाहींत. वेलस्लीचीं दीड हजारांवर माणसें मेलीं वा जखमी झालीं. तरी जय त्याचाच झाला.

हाच पुरुष १८२८ मध्यें इंग्लंडचा मुख्य प्रधान झाला. आयर्लंडांत यादवी होऊं नये म्हणून १८२९ सालीं त्यानें स्वपक्षाचा रोष पत्करून कॅथॉलिकांस पार्लमेंटांत बसण्याचा हक्क दिला. त्यापायीं एका अर्लशीं पिस्तुलांचें द्वंद्वही केलें! परंतु सामान्य जनांस मताधिकार हवा झाला तेव्हां मात्र, आहे ही राज्यपद्धति उत्तमच आहे, असें त्यानें १८३० च्या नोव्हेंबरांत भर सभेंत सांगितलें. पंधरा दिवसांत त्याचें प्रधानपद गेलें.

पुढील वर्षाच्या २७ एप्रिलला जमावानें याच वाड्याच्या खिडक्या दगडांनीं फोडल्या. तीनच दिवसांपूर्वीं त्याची पत्नी निवर्तली होती आणि तिचें शव आंत ठेवलेलें होतें. पुढें त्यानें खिडक्यांस लोखंडी झडपा बसविल्या. त्या खिडक्यांपाशीं आम्ही बराच वेळ उभे राहिलों. परक्या मुलखांतील नदीचा उतार ज्यानें दोन खेड्यांवरून ओळखला, त्यास आपल्याच शहरांतील माणसांच्या मनापर्यंत पोंचण्याची वाट सांपडूं नये, हें केवढें नवल!

परंतु येथेंच गोष्ट संपत नाहीं. १८३२ मध्यें तें बिल लॉर्डांच्या सभेंत आलें, तेव्हां देशांत बंडाळी माजेल हें ओळखून तो व त्याचे अनुयायी मतदानास गैरहजर राहिले, आणि बिल पास झालें. मत बदललें नव्हतें. हट्ट सोडला होता. रणांगणावरील त्याचे जय आम्हां मराठ्यांस सहज गोड लागणार नाहींत. पण आपलें म्हणणें न सोडतां बाजूस होणें किती अवघड असतें, हें मोठ्या कुटुंबांतील कोणत्याही कर्त्या पुरुषास समजावून सांगावयास नको.